कुऱ्हाडीच्या आधी करवत अडवा : गोदावर्मन खटला आणि आपली जंगलं

धनेश (धागाकर्ता)

2025 च्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्रातल्या वनजमिनींबद्दल आठवड्याभरात दोन निकाल दिले. 15 मे ला पुण्यातल्या कोंढवा बुद्रुकची 11.89 हेक्टर जमीन खासगी हातांतून काढून वनखात्याला परत द्यायला सांगितली. 22 मे ला विदर्भातलं झुडपी जंगल (महसुली नोंदीतलं खुरट्या झुडपांचं रान) हे कायद्याच्या नजरेत जंगलच आहे, असं ठरवलं. पेपरांतून चर्चा झाली ती जमिनीच्या अंगाने, आणि ती व्हायलाच हवी होती. पण दोन्ही निकाल ज्या याचिकेत आले ती रिट याचिका 202/1995 सुरू झाली होती तोडलेल्या झाडांवरून. लाकडाच्या धंद्याला न्यायालयाने कसा हात घातला, हे आपल्याकडे फार थोड्यांना माहीत आहे. म्हणून हा धागा काढतोय.

टी. एन. गोदावर्मन तिरुमुलपाड हे केरळातल्या निलंबूर कोविलकम घराण्यातले. तमिळनाडूत नीलगिरीच्या गुडलूर भागात या घराण्याची जंगलं होती, ती पुढे सरकारकडे गेली. तिथली बेसुमार तोड बघवेना म्हणून त्यांनी 1995 मध्ये थेट सर्वोच्च न्यायालय गाठलं. तक्रार गुडलूरपुरती होती, न्यायालयाने ती देशभराची केली. गोदावर्मन 2016 मध्ये गेले. खटला अजून चालू आहे आणि त्यात आजवर हजारो अर्ज दाखल झालेत.

12 डिसेंबर 1996 चा अंतरिम आदेश हा या सगळ्याचा पाया. न्या. जे. एस. वर्मा आणि न्या. बी. एन. कृपाल यांचं खंडपीठ होतं. त्यातला एकच मुद्दा सगळीकडे सांगितला जातो : 'वन' म्हणजे शब्दकोशात ज्याला वन म्हणतात ते सगळं, मग मालकी कुणाचीही असो. मुद्दा मोठाच आहे. पण त्याच आदेशातला पुढचा भाग मला जास्त महत्त्वाचा वाटतो. केंद्राच्या मंजुरीशिवाय वनक्षेत्रात चालणाऱ्या सॉ मिल (लाकूड चिरायच्या गिरण्या) आणि प्लायवूडचे कारखाने ताबडतोब बंद. अरुणाचलच्या तिराप आणि चांगलांग जिल्ह्यांतल्या सदाहरित जंगलात तोड पूर्ण बंद. अरुणाचलमधल्या आणि सीमेपासून 100 किलोमीटरच्या आत आसामात असलेल्या सगळ्या सॉ मिल, व्हिनिअर (लाकडाचे पातळ पापुद्रे) आणि प्लायवूड कारखान्यांना टाळं. ईशान्येच्या सात राज्यांतून लाकूड बाहेर न्यायला रेल्वे, रस्ता, नदी, तिन्ही वाटा बंद. सूट फक्त सैन्य आणि सरकारी कामासाठी लागणाऱ्या प्रमाणित लाकडाला.

झाड पाडायला मशीनच्या करवतीने काही मिनिटं पुरतात. पाडणारे रात्री येतात, सकाळी खुंट तेवढा उरतो. एका वनरक्षकाच्या वाट्याला केवढा बीट (राखणीचा टापू) येतो हे ज्यांनी पाहिलंय त्यांना सांगायला नको. पण तो ओंडका कुठेतरी चिरावा लागतोच. गिरणी जागची हलत नाही. तिला वीजजोडणी आहे, परवाना आहे, तिच्याकडे आवक-जावक रजिस्टर आहे. गोल लाकूड किती घनमीटर आत आलं आणि चिरून किती बाहेर गेलं याचा मेळ बसला पाहिजे, आणि आत आलेल्या प्रत्येक ओंडक्याच्या बुंध्यावर वनखात्याच्या हातोड्याचा शिक्का आणि मागे वाहतूक परवाना पाहिजे. डोंगरात ज्याला शोधता येत नाही तो चोर इथे कागदावर सापडतो. न्यायालयाने ही जागा बरोबर हेरली, असं माझं ठाम मत आहे.

महाराष्ट्राला हे लवकरच लागू झालं. 4 मार्च 1997 च्या आदेशाने महाराष्ट्र आणि उत्तर प्रदेशातल्या विनापरवाना सॉ मिल, व्हिनिअर आणि प्लायवूड कारखाने तात्काळ बंद करायला सांगितले, आणि नवे परवाने देऊ नका, अटी शिथिल करू नका, हेही स्पष्ट लिहिलं. तरीही पुढे आपल्या राज्यात अशा काही कारखान्यांना चालू राहायची मुभा मंत्रालयातून मिळाली. प्रकरण न्यायालयात गेलं आणि मे 2006 मध्ये त्या प्रकरणाच्या वेळचे वनमंत्री सुरूपसिंग नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत या दोघांना न्यायालयाच्या अवमानाबद्दल एक महिन्याची साधी कैद झाली. लाकडाच्या कारखान्यांपायी मंत्री आणि सचिव दोघेही तुरुंगात! राज्यातल्या वनखात्याच्या इतिहासात याहून मोठी घटना मला तरी माहीत नाही.

जिथे न्यायालयाने काम राज्यांवर सोपवलं, तिथे मात्र गाडी रुतली. 1996 च्याच आदेशात राज्यांनी तज्ज्ञ समित्या नेमून आपापल्या भागातली सगळी वनं, नोंदलेली आणि न नोंदलेली, हुडकून यादी द्यायची होती, मुदत एक महिना. 2023 मध्ये वन संवर्धन कायद्यात दुरुस्ती झाली आणि 'वन' शब्दाची व्याप्ती आकसली. त्याविरुद्धच्या याचिकांवर 19 फेब्रुवारी 2024 ला न्यायालयाने जुनीच व्याख्या तूर्त पाळा असं सांगितलं आणि राज्यांकडे त्याच याद्या पुन्हा मागितल्या. एका महिन्याचं काम सत्तावीस वर्षांनी पुन्हा मागावं लागलं!

सिंधुदुर्ग, विदर्भ, नाशिक, मेळघाट, गोवा, कुठूनही कुणाला प्रत्यक्ष माहिती असेल तर लिहा.

पूर्वेचा वारा

नोकरीनिमित्त वरच्या आसामात बरीच वर्षं काढली. मार्घेरिटा, लेडो, जयपूर हा सगळा पट्टा अरुणाचलच्या सीमेला चिकटलेला, म्हणजे त्या 100 किलोमीटरमध्ये. होलोंग नावाचं सरळसोट उंच वाढणारं झाड तिकडचा राजा, आणि प्लायवूडला तेच लागायचं. आदेशानंतर कारखान्यांची धुराडी थंडावली. लाकडाने भरलेल्या मालगाड्या दिसेनाशा झाल्या. तोडून पडलेल्या मालाची मोजदाद करायला न्यायालयाने उच्चाधिकार समिती नेमली होती, त्यामुळे ओंडक्यांचे ढीग डेपोत बराच काळ तसेच पडून होते.

त्याचबरोबर हेही नोंदवायला हवं की गावंच्या गावं त्या धंद्यावर जगत होती. खामटी लोकांकडे ओंडके ओढायला शिकवलेले हत्ती होते. हत्ती पोसणं ही चैन नाही, रोजचा खर्च आहे. काम गेल्यावर कितीतरी हत्ती विकले गेले. माहूत आणि कारखान्यातले कामगार यांची सोय कुणी लावली नाही. आदेश योग्य होता असं मी आजही म्हणेन, कारण ती जंगलं ज्या वेगाने रिकामी होत होती तो वेग मी नंतर जुन्या लोकांकडून ऐकला आहे. पण बंदी एका दिवसात येते आणि पर्यायी रोजगार येतच नाही, हे सरकारचं अपयश आहे आणि त्याचा राग तिथे न्यायालयावर निघतो.

ॲड. सह्यपायथा

धागा चांगला आहे. दोन गोष्टींची भर घालते.

पहिली म्हणजे केंद्रीय सक्षम समिती, म्हणजे सीईसी. इतक्या अर्जांची जागेवर जाऊन शहानिशा न्यायमूर्ती करू शकत नाहीत, म्हणून मे 2002 च्या आदेशाने ही समिती नेमली. तिचे लोक खाणीवर, गिरणीवर, वादाच्या जमिनीवर जाऊन पाहणी करायचे आणि अहवाल द्यायचे. 30 ऑक्टोबर 2002 च्या आदेशानंतर देशात कुठेही नवी सॉ मिल किंवा प्लायवूड कारखाना या समितीच्या मान्यतेशिवाय सुरू करता येत नव्हता. आणि ही व्यवस्था तब्बल तेरा वर्षं टिकली. 2015 मध्ये न्यायालयाने तो अधिकार राज्यस्तरीय समित्यांकडे दिला, 2016 मध्ये केंद्राने त्यासाठी मार्गदर्शक सूचना काढल्या. राज्यात खरोखर किती लाकूड उपलब्ध आहे याचा अंदाज घेऊन मगच परवाने द्यायचे, हे त्या सूचनांचं सूत्र आहे. धनेश म्हणतात ती 'करवत' आता राज्याच्या हातात आहे, त्यामुळे लक्ष तिथे ठेवायला हवं.

सीईसीचंही रूप बदललं. सप्टेंबर 2023 मध्ये केंद्राने अधिसूचना काढून तिला कायमस्वरूपी संस्था केलं. नेमणुका आता पर्यावरण मंत्रालयाच्या हातात. पूर्वी तिच्यात सरकारबाहेरचे, वन्यजीव क्षेत्रात आयुष्य घालवलेले सदस्य असत. ज्या खात्याच्या निर्णयांची तपासणी करायची त्याच खात्याने तपासनीस नेमायचे, ही रचना मला मान्य नाही.

दुसरी गोष्ट 2006 च्या निकालाबद्दल. बंदीचा आदेश ठाऊक असताना फाइलवर अनुकूल शेरे लिहिले गेले, हे न्यायालयाला गंभीर वाटलं. पक्षकारांना मी नेहमी सांगते, तोंडी आश्वासनावर जाऊ नका, फाइलवर काय लिहिलं गेलं ते माहिती अधिकारात मागा. अवमानाचा खटला उभा राहतो तो शेऱ्यावर.

वैनगंगाकाठ

मी गडचिरोलीचा. तुमचं सगळं वाचलं, आणि माझ्या भागातल्या लोकांच्या वाट्याला या खटल्यातून काय आलं तेही याच धाग्यावर असू द्या.

नोव्हेंबर 2001 मध्ये न्यायालयाने अतिक्रमणं नियमित करायला मनाई केली. तिचा आधार घेऊन 3 मे 2002 ला केंद्रीय मंत्रालयाने राज्यांना पत्र काढलं : वनजमिनीवरची अतिक्रमणं 30 सप्टेंबरपर्यंत हटवा. पत्रात 'अतिक्रमण' म्हणून जे मोजलं गेलं त्यात पिढ्यानपिढ्या कसणारे आदिवासीही आले, कारण त्यांचे हक्क कधी नोंदलेच गेले नव्हते. देशभर झोपड्या मोडल्या, उभी पिकं तुडवली गेली, काही ठिकाणी हत्ती घालून. त्या संतापातून जी चळवळ उभी राहिली तिच्यातून 2006 चा वनहक्क कायदा आला. म्हणजे ज्या वर्षी मंत्र्याला लाकडापायी शिक्षा झाली, त्याच वर्षी संसदेने मान्य केलं की जंगलात राहणाऱ्यांवर ऐतिहासिक अन्याय झाला आहे. दोन्ही गोष्टी एकत्र वाचा.

आता लाकूड आणि परवान्याबद्दल. धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावाला 2009 मध्ये सुमारे 1800 हेक्टर जंगलावर सामूहिक वनहक्क मिळाला. पण बांबू गावाबाहेर न्यायचा तर टीपी (वाहतूक परवाना) वनखात्याची, आणि खातं ती देईना. हक्क कागदावर आणि बांबू जंगलात, अशी दोन वर्षं गेली. 27 एप्रिल 2011 ला तेव्हाचे केंद्रीय पर्यावरण मंत्री जयराम रमेश गावात आले, मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाणही होते, आणि वाहतूक परवान्याचं पुस्तक ग्रामसभेच्या हातात दिलं. तेव्हापासून ग्रामसभा स्वतः परवाना फाडते. किती तोडायचा, कुठल्या भागातला तोडायचा, कोंब कसे राखायचे, हे गाव बसून ठरवतं. हिशेब फळ्यावर लिहिला जातो, कुणीही येऊन बघावा.

म्हणून म्हणतो, करवतीवर नजर ठेवायची असेल तर ती ठेवणारा माणूस त्या जंगलाजवळ राहणारा हवा. दिल्लीतली समिती चार वर्षांतून एकदा येईल. आमच्याकडे चोरतोडीची खबर सर्वात आधी गुराख्याला लागते.

कुळागर

@धनेश, मी दोडामार्गचा शेतकरी आहे. तुमच्या कळकळीबद्दल आदर आहे. पण मालकी क्षेत्राचं कुणीच बोलत नाही, म्हणून लिहितो.

कोकणातलं निम्म्याहून जास्त रान लोकांच्या सातबाऱ्यावर आहे. माझ्या वडिलांनी ऐन, किंजळ राखले, कधी डोंगर मोकळा केला नाही. दोडामार्गात 2013 पासून उच्च न्यायालयाची वृक्षतोडबंदी आहे. परवानगी मागायला कार्यालयात गेलो तर एक कारकून दुसऱ्याकडे पाठवतो, आणि शेवटी 'कोर्टाचा विषय आहे' एवढंच ऐकायला मिळतं. त्याच काळात माझ्या वाटेवरून भरलेल्या गाड्या गेलेल्या मी पाहिल्या आहेत. ठेकेदार अख्खा डोंगर उक्ता घेतो, जंगल साफ करतो, आणि मागाहून तिथे रबर आणि अननस उभा राहतो. प्रामाणिक माणसाला कायदा लागतो आणि गाडीवाल्याला लागत नाही, असं जेव्हा गावात दिसतं तेव्हा झाड राखणाऱ्याचं मन मोडतं. राखलेल्या झाडाबद्दल मला काय मिळालं? एक रुपया नाही.

धनेश

@कुळागर दादा, तुमचं म्हणणं अगदी खरं आहे आणि ते लिहिल्याबद्दल मनापासून आभार. मी तिलारीच्या अलीकडे राहतो, त्यामुळे त्या गाड्या मलाही माहीत आहेत.

22 मार्च 2024 ला मुंबई उच्च न्यायालयाने सावंतवाडी-दोडामार्ग पट्ट्यातली 25 गावं पर्यावरणीयदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र म्हणून जाहीर करण्याचे निर्देश दिले. हा राधानगरीहून तिलारीकडे येणारा वाघाचा मार्ग आहे. पुढे गोव्याचं म्हादई आणि कर्नाटकातलं भीमगड. हा पट्टा तुटला तर उत्तरेकडच्या सह्याद्रीत दक्षिणेतून वाघ यायची वाटच संपेल. त्यामुळे बंदी उठावी असं मी म्हणणार नाही.

पण 'राखलेल्या झाडाबद्दल काय मिळालं' या प्रश्नाला सरकारकडे उत्तर असायला हवं. वनजमीन दुसऱ्या कामाला दिली की प्रकल्पवाल्याकडून जो पैसा घेतला जातो तो कॅम्पाचा निधी याच गोदावर्मन खटल्यातून, 2002 च्या आदेशातून उभा राहिला. 2016 मध्ये त्याचा कायदा झाला. त्या पैशातून कुठेतरी माळावर ओळीने रोपं लावली जातात आणि फोटो काढले जातात. त्याऐवजी वाघाच्या वाटेवर दोन पिढ्या उभं रान सांभाळणाऱ्या शेतकऱ्याला दरवर्षी एकरी मोबदला द्या. मला यासाठी लढायचं आहे.

@वैनगंगाकाठ, फळ्यावर लिहिलेल्या हिशेबाबद्दल अजून लिहा ना. आवक-जावक सगळ्यांना दिसेल अशी लिहिणं, हे प्रत्येक सॉ मिलच्या दारातही व्हायला हवं.

संत्रानगरी

नागपूरकडची थोडी भर. झुडपी जंगल ही नागपूर, वर्धा, भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली या सहा जिल्ह्यांतल्या महसुली नोंदीतली जुनी वर्गवारी. 2025 च्या निकालात चर्चा होती ती सुमारे 86 हजार हेक्टरची. 12 डिसेंबर 1996 ही तारीख त्यातही रेघ ठरली : त्याआधी दिल्या गेलेल्या जमिनींसाठी राज्याने केंद्राकडे मंजुरी मागायची, त्यानंतर वाटलेल्या जमिनींची मात्र कारणं द्यावी लागतील. या रानात इमारती लाकूड फारसं नाही, म्हणून त्याला कुणी जंगल म्हणायला तयार नव्हतं. खुरटी बोरं, पळस, करवंद, आणि त्यात गुरं चरतात, मोर असतात, कोल्हे असतात.

मधुरा_ठाणे

वाचतेय, खूप नवी माहिती मिळाली. शहरातल्या माणसाने काय करावं? आम्ही मुरबाड-शहापूर भागात ट्रेकला जातो तेव्हा खैराची किंवा सागाची ताजी तोड दिसते, कधी रस्त्यावर ताडपत्री टाकलेला टेम्पो दिसतो. तक्रार करावी तर नेमकं काय सांगायचं?

ॲड. सह्यपायथा

मधुरा, गाडी अडवायला जाऊ नका, ते धोक्याचं आहे. लांबून गाडीचा नंबर, वेळ, रस्ता आणि दिशा टिपा. वाहतूक परवान्यावर गाडीचा नंबर, मालाचा तपशील, मार्ग आणि मुदत लिहिलेली असते, त्यामुळे यातली एक गोष्ट जरी जुळली नाही तरी माल बेकायदा ठरू शकतो. जंगलात तोड दिसली तर खुंटाचा फोटो काढा, शेजारी मापासाठी काठी किंवा बाटली ठेवा, मोबाइलमधलं ठिकाण सुरू ठेवा. खुंटावर हातोड्याचा शिक्का आणि नंबर आहे का ते बघा. अधिकृत तोडीत तो असतो. राज्य वनखात्याचा 1926 हा क्रमांक आहे, त्यावर सांगा, आणि त्याच दिवशी उपवनसंरक्षकांना लेखी ईमेल करा. फोन विरून जातो, ईमेलची तारीख राहते.

आणि ट्रेकहून घरी आल्यावर एक काम करा, त्याने जास्त फरक पडेल. ठाणे, शहापूर, जव्हार, ज्या वनविभागाची काळजी वाटते त्याच्याकडे माहिती अधिकारात तीन कागद मागा : परवानाधारक सॉ मिलची यादी, मागच्या वर्षभरातल्या तपासण्यांचे अहवाल, आणि राज्यस्तरीय समितीच्या ज्या बैठकांत त्या भागातले परवाने मंजूर झाले त्यांची इतिवृत्तं. तपासणी झालीच नसेल तर तसं लेखी उत्तर येईल, आणि तेही कामाचं आहे.

वैनगंगाकाठ

@धनेश, फळ्याबद्दल : किती बांबू तोडला, कोणाला विकला, काय दराने, कुणाला किती मजुरी दिली, गावनिधीत किती राहिले. एवढंच असतं. ग्रामसभेत मोठ्याने वाचलं जातं आणि कुणाही बाईमाणसाला उठून विचारता येतं की हा आकडा असा का. ज्यांना यायचंय त्यांनी यावं, उन्हाळ्यात तोडीच्या हंगामात आलात तर काम चालू दिसेल.

मधुरा_ठाणे

@ॲड. सह्यपायथा, शहापूर वनविभागासाठी अर्ज आजच लिहायला घेते. मसुदा इथे टाकते, चुकलं तर सांगा. आणखी कुणी आपापल्या विभागासाठी करणार असेल तर तोच मसुदा वापरता येईल.

कुळागर

मसुदा टाका ताई. सावंतवाडी विभागासाठी मी करतो.